विहीणबाईंनी मागितलेला रिकामा तास

विहीणबाई, तुमच्या तेरवीला माईक नव्हता, गाणं नव्हतं, स्टेज नव्हतं, आणि तरी एकही माणूस कंटाळलेला दिसला नाही. पहिली पंगत उठेपर्यंत मागची माणसं सतरंजीवर बसली होती, कडुलिंबाखाली उभी होती, एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून बोलत होती. कोणाच्या बोअरला पाणी लागलं, कोणाची पोरगी पुण्याला नोकरीला लागली, कोणाचा गुडघा बदलला. मध्येच कोणी तुमचं नाव काढायचं, डोळे पुसायचं, आणि पुन्हा बोलणं पुढे चालू. मी पाहुणी असूनही कढीचं भांडं घेऊन वाढायला उभी राहिले होते. ते सगळं पाहून मला रडू यायला हवं होतं. मला राग आला. आपल्या भांडणात तुमच्या बाजूचा एवढा मोठा पुरावा तुम्ही जाता जाता मांडून गेलात, आणि उलट उत्तर द्यायचं तर समोर कोणी नाही.

माझी अश्विनी तुमच्या संदीपला दिली तेव्हापासून आपण दोघी एकाच गोष्टीवर भांडत आलो. लग्नाच्या दिवशी पाहुण्यांचं काय करायचं? मी म्हणायची, त्यांना एक घडीसुद्धा रिकामं ठेवायचं नाही. तुम्ही म्हणायच्या, त्यांना जरा बसू तर द्या.

तुम्ही मंडळी पहिल्यांदा दर्यापूरहून आमच्याकडे अकोल्याला तारीख काढायला आलात, तो दिवस आठवा. पुरुष मंडळी पंचांगात डोकं घालून बसली होती. मी मध्येच विचारलं, 'वरात दारात किती वेळ नाचणार?' तुमचे भासरे, म्हणजे थोरले दीर नानाजी, यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी नवरदेवाच्या जोड्यात किती भोकं आहेत ते विचारलं. पोरीच्या आईनं असं विचारायचं नसतं, हे मला ठाऊक होतं. तुम्ही मात्र सुपारी कातरता कातरता म्हणालात, 'दोन घंटे तं लागतीनच बाई. एकच पोट्टं आहे आमचं.'

'अर्धा घंटा.'

'अर्ध्या घंट्यात तं बँडवाल्याची पिपाणीबी गरम होत नाई.'

'मंग गरम करूनच आणा. दर्यापूर ते अकोला काय कमी रस्ता आहे?'

आमच्या यांनी डोळे मिटून घेतले. आणि तुम्ही हसायला लागलात. अडकित्ता खाली ठेवून, पदर तोंडावर धरून हसलात. मग एका तासावर सौदा झाला, आणि वर नवरदेवाच्या मामाच्या नावाचं एक गाणं. भाजीवर कोथिंबीर मागावी तसं तुम्ही ते गाणं मागितलंत. तेव्हाच मी ओळखलं, ही बाई आपल्या जोडीची आहे. घरी कोणाला बोलले नाही, पण मला बरं वाटलं होतं. माझ्याशी भाव करायला लोक घाबरतात. घाबरणाऱ्या माणसाशी भाव करण्यात काही मजा नसते.

माझं म्हणणं तुम्हाला कधी पटलं नाही. पण ते हवेतून आलेलं नव्हतं, एवढं तरी तुम्ही मान्य करायला हवं होतं. अकोटच्या बसस्टँडवर ओच्यात गजरे घेऊन मी धंदा सुरू केला. आज अकोल्यात दुकान आहे, आणि लग्नसराईत एकाच दिवशी दोन-तीन लॉनची सजावट माझ्याकडे असते. लग्न मी स्टेजच्या पुढून कमी आणि मागून जास्त पाहिलेलं आहे. वरात फाटकावर नाचत असते, आत हार कोमेजत असतात, आणि प्लास्टिकच्या खुर्च्यांवर माणसं ताटकळत बसलेली असतात. माईकवरचा माणूस तेवढ्यात अमुक साहेबांचं आगमन आणि तमुक साहेबांचा सत्कार करत राहतो. पोरं रडायला लागतात. म्हातारी माणसं लांबूनच स्वयंपाकाच्या वासाकडे पाहत बसतात. मी ठरवलं होतं, माझ्या पोरीच्या लग्नात असं होऊ द्यायचं नाही.

आणि आणखी एक कारण होतं. ते मी तुम्हाला कधी सांगितलं नाही. आज सांगते.

माझ्या स्वतःच्या लग्नात लग्न वेळेवर लागलं आणि स्वयंपाकाला उशीर झाला. मांडवात माणसं रिकामी बसली. रिकाम्या माणसाची नजर फिरत राहते. कोणाच्या तरी लक्षात आलं की नवरदेवाच्या चुलतमामाला टोपी-दुपट्टा मिळाला, आत्याच्या मालकाला मिळाला नाही. एवढीशी गोष्ट. पाहुणे बोलण्यात, खाण्यात, कशात तरी गुंतलेले असते तर कोणाला दिसलीही नसती. पण आवाज चढले. कोणी म्हणालं, नवरी ठेवा तुमच्याजवळ. माझा बाप मांडवभर हात जोडत फिरला, आणि शेवटी त्या माणसाच्या पायावर त्यानं डोकं ठेवलं. मी मुंडावळ्या बांधून पाटावर बसलेली होते. वाकल्यावर बापाची टोपी मातीत पडली, तीही मी पाहिली. तेव्हापासून मांडवात माणसं नुसती बसलेली दिसली की मी त्यांना कशात तरी गुंतवायला धावते. माझा मनोरंजनाचा हट्ट तुम्हाला पैशाचा माज वाटला असेल. तो माज नव्हता.

हे तुम्हाला सांगितलं असतं तर कदाचित आपलं भांडणच झालं नसतं. पण सौदा करताना आपली अडचण सांगायची नसते, समोरचा तिथंच दाबतो. धंद्यानं शिकवलेली ती गोष्ट मी विहिणीशीही पाळली.

अश्विनीच्या लग्नाचा दिवस मी कसा बसवला होता! सकाळी नाश्त्याच्या बाजूलाच मेंदीवाल्या पोरी. लहान पोरांसाठी जादूगार. वरात बाहेर नाचते तोवर आत ऑर्केस्ट्रा. अक्षता पडल्या की बायकांसाठी पैठणीचा खेळ, आणि पंगती बसायला लागल्या की पुन्हा गाणी, म्हणजे दुसऱ्या पंगतीच्या माणसाला पहिल्या पंगतीच्या ताटाकडे पाहत बसावं लागू नये. माझी सगळी गिऱ्हाईकं आली होती. सोनार, कापडवाले, लॉनचे मालक. सगळे मान हलवत होते. वरातसुद्धा ठरल्याप्रमाणे एका तासात आत आली, हे मी आजही तुमच्या खात्यावर लिहिते. तुम्ही शब्द पाळलात.

आणि मग तुम्ही ते केलंत.

मी मागे आचाऱ्याशी पोळ्यांवरून भांडत होते. एकाएकी आवाज थांबला. मला वाटलं लाइट गेली. जनरेटरवाल्याच्या नावानं बोंबलत पुढे आले तर पंखे फिरत होते. गाणारी पोरगी खुर्चीवर बसून चहा पीत होती.

'काऊन बंद केलं रे?'

साऊंडवाला म्हणाला, 'काकू, तुमचाच निरोप आला ना. नवरदेवाच्या आईनं येऊन सांगतलं, विहीणबाई म्हणते घंटाभर बंद ठेव.'

'माझा निरोप? बंद ठेवाले आणलं काय तुले? कोण व ते माझ्या नावानं निरोप देणारी?'

त्या क्षणी एक गोष्ट माझ्या लक्षात आली नाही. गाणं बंद असलं की लॉन लहान होतो. माझा शब्द न् शब्द शेवटच्या खुर्चीपर्यंत गेला. त्याच्या पुढे मी जे बोलले तेही गेलं, आणि ते मी इथं लिहीत नाही. पाचशे माणसांनी माना वळवल्या. इतकी वर्षं मेहनत करून मी त्या दिवशी जरीची साडी नेसून नवरीची आई म्हणून उभी होते, आणि सगळ्यांना दिसली ती बसस्टँडवर जागेसाठी भांडणारी बाई. तुम्ही त्या ऑर्केस्ट्राचा आवाज बंद केलात म्हणून माझा आवाज सगळ्यांना ऐकू गेला. विहीणबाई, हे मी विसरले नाही. तुम्ही गेलात म्हणून विसरणारही नाही.

तुम्ही आलात आणि माझं मनगट धरलंत. 'थोडं बोलू द्या ना माणसाईले. लांबून लांबून आली आहे. त्या आवाजात कानात तोंड घालून बोला लागते.'

'मले विचारलं काऊन नाई?'

'विचारलं असतं तं तुमी नाई म्हटलं असतं.'

ते खरं होतं, म्हणूनच जास्त लागलं. मी मनगट सोडवून घेतलं आणि पुन्हा मागे गेले. त्या तासात लॉनवर काय झालं ते मी पाहिलंच नाही. पाठवणीच्या वेळी मी पोरीला कवटाळलं, जावयाच्या डोक्यावरून हात फिरवला. तुम्ही हात पुढे केलेत तेव्हा मी हार सारखा करत उभी राहिले.

त्यानंतर आपले संबंध बाहेरून कोणालाही नावं ठेवता येणार नाहीत असे होते. दिवाळीचा फराळ, संक्रांतीचं वाण, सगळं वेळेवर. पण दर दोन-चार फोनमागे मी ते काढायची, आणि तुम्ही म्हणायच्या, 'जाऊ द्या ना बाई, राग नका धरू.' राग धरू नका, एवढंच. माझं चुकलं, हे नाही. मला ते दुसरं वाक्य हवं होतं. पहिल्या वाक्यात चूक माझीच होते.

आता जे लिहिते ते सोपं नाही.

अश्विनीचं पहिलं मूल पोटातच गेलं, तेव्हा निरोप मिळताच मी अकोल्याहून निघाले. गाडीत बसून वाटभर मी शब्द जुळवत होते. कोणी माझ्या पोरीला काही बोललं असेल, पथ्य पाळलं नाही, स्कूटरवर फिरत होती, असलं काही, तर घर डोक्यावर घ्यायचं, असं ठरवून आले होते. भांडायची तयारी असली की मला दुःख कमी होतं. तुमच्या घरी पोचले तर ओसरीत आठ-दहा बाया बसलेल्या, आणि तुम्ही अश्विनीच्या खोलीच्या बंद दाराला पाठ लावून स्टुलावर. एक बाई म्हणत होती, 'आमच्या सुनेचं तर दोनदा…'

तुम्ही तिला पुरं करू दिलं नाही. 'चहा घ्या अन् घरी जा. पोरगी झोपली आहे.'

'आमी तं भेटाले आलो होतो व.'

'भेटले ना मले. झालं.'

अश्विनी झोपलेली नव्हती. भिंतीकडे तोंड करून पडली होती, आणि बाहेरचं सगळं तिला ऐकू येत होतं. तुम्ही दिवसभर त्या स्टुलावरून उठला नाहीत, हे तिनं मला नंतर सांगितलं. माणसांना बोलू द्या म्हणून माझा ऑर्केस्ट्रा बंद पाडणारी बाई त्या दिवशी अख्ख्या गावाला गप्प करत होती. माझ्याजवळचं जुळवून आणलेलं सगळं भांडण वाया गेलं. मला तिथंच तुम्हाला म्हणायचं होतं, विहीणबाई, माझी पोरगी चांगल्या घरी पडली. तुम्ही चहा आणून दिलात. मी एक घोट घेतला आणि म्हटलं, 'साखर जास्त झाली.'

तुम्ही म्हणालात, 'हाव, झाली वाटते.'

यंदा तुमचं दुखणं वाढलं आणि तुम्हाला अमरावतीच्या दवाखान्यात ठेवलं. मी भेटायला आले तेव्हा तुम्ही तब्येतीचं एक अक्षर बोलू दिलं नाहीत. तुमच्या लेकीची, कोमलची, सोयरीक पातूरला ठरली होती, तुळशीचं लग्न झालं की तिचं लग्न. तुम्ही मला पलंगाजवळ स्टूल ओढायला लावलंत आणि म्हणालात, 'कोमलचा दिवस तुमी बसवून द्या.'

'मी काऊन? मी तं नवरदेवाच्या पिपाणीचा भाव करणारी बाई.'

'म्हणूनच.' तुम्ही हसलात, पण हसताना बरगडीला हात लावलात. 'कोणालेबी रिकामं बसलेलं तुमाले पाहवत नाई. एवढं कोणाचं लक्ष असते लोकाईकडं? फक्त एक घंटा मले द्या. जेवणं झाल्यावर. गाणं नाई, खेळ नाई, माईक नाई. नुसती माणसं.'

'नाई जमत.'

'काय होते एका घंट्यानं?'

तेव्हा मला बापाची टोपी दिसली होती. बोलले नाही. म्हटलं, 'पंधरा मिनिटं.'

'पंधरा मिनिटात तं भावजय भावजयीची साडी पाहते. बोलनं सुरूच नाई होत. कोमलची सोयरीक कोठी जमली, सांगा? तुमच्याच लॉनवर, त्याच घंट्यात. पातूरवाल्या बाईनं तिले पानी मागतलं, अन् मंग बोलतच बसल्या दोघी.'

'ऑर्केस्ट्रातबी पानी मागता येते.'

'येते. पण आयकू येत नाई.'

तुम्हाला कधी शब्दांत पकडता आलं नाही. मग मी माझी अट घातली. म्हटलं, तास हवा असेल तर आधी कबूल करा, माझ्या नावानं खोटा निरोप दिला ते चुकलं. तुम्ही म्हणालात, 'इथं कायले? कोमलच्या लग्नात माईकवरून सांगीन ना. पाचशे माणसाईनं तुमचं आयकलं होतं. माझंबी पाचशे माणसाईनं आयकलं पाह्यजे.'

खरं सांगते, मी दवाखान्यातून बाहेर पडले ती हवेत. इतका चांगला सौदा मी जन्मात केला नव्हता.

पुढचं सगळं फोनवर झालं. मी वीस मिनिटांवर आले, तुम्ही पाऊण तासावर. दोन दिवस कोणी हललं नाही. शेवटच्या फोनवर मी म्हटलं, 'अर्धा घंटा. याच्यावर एक मिनिट नाई.' तुमचा आवाज फार लांबून आल्यासारखा वाटत होता. तुम्ही म्हणालात, 'बरं, उद्या बोलू.' गिऱ्हाईक 'उद्या बोलू' म्हणतं तेव्हा त्याच्या आवाजावरून मला कळतं की उद्या ते येणार आहे की नाही, आणि आलं तर कोणत्या भावाला. तुमच्या आवाजातलंही मला कळलं होतं. निदान सौद्याचं तरी. दुसऱ्या दिवशी संदीपचा फोन आला, तुम्ही गेल्याचा.

तेरवीची पंगत उठली आणि नानाजींनी पुरुषांना ओसरीत बसवलं. म्हणाले, घरात असं झालेलं, वर्षाच्या आत लग्न तर करावंच लागते, पातूरच्या पाहुण्यांना सांगा, पाच माणसं घेऊन या, मारुतीपुढं हार घाला आणि उरका. तुमचे मालक जमिनीकडे पाहत होते. कोमल आत पाण्याचे पेले धूत होती. मी भांडं खाली ठेवलं.

'नानाजी, पाच नाई, पाचशे बोलवा.'

'बाई, तुमी पाहुण्या आहा.'

'पाहुणी आहो म्हणूनच सांगून राहिली. पाहुण्याईचं मले समजते.'

'घरची लक्ष्मी गेली अन् तुमाले बाजा सुचून राहिला?'

'बाजा नाई वाजला तं मांडवात काय वाजन, तुमीच सांगा. जे बाई येन ते पोरीच्या गळ्यात पडन अन् रडन. लग्न लावता का दुसरी तेरवी करता तिच्या मायची?'

अश्विनीनं दारातून मला डोळ्यांनी खुणावलं, आई पुरे. पण मी एकदा सुरू झाले की पुरे होत नाही, हे तुम्हाला कोणी सांगायला नको. नानाजी म्हणाले डीजे नाही. मी म्हटलं नाही तर नाही, बँड द्या. ते म्हणाले गावात नाही. मी म्हटलं लॉनच्या फाटकापुढं. ते म्हणाले फाटकाच्या बाहेर, आणि थोडाच. मी आतल्यासाठी चार गाणारे मागितले. ते म्हणाले धिंगाण्याची गाणी नाही. मी ते दिलं. मला धिंगाणा नकोच होता, पण सोडून दिल्याचं दाखवलं. शेवटी ते कातावून म्हणाले, 'बाई, या घरात बोलायचा तुमाले अधिकार काय?'

तेव्हा तुमच्या मालकांनी मान वर केली. त्या दिवसांत त्यांनी धड दोन वाक्यं बोललेली कोणी ऐकली नव्हती. ते म्हणाले, 'होऊ द्या. तिनंच विहीणबाईले दिवस बसवाले सांगतलं होतं.'

झालं. लग्न होणार, सगळ्यांना बोलावणं जाणार. मी अकोल्याला परतले आणि कोमलचा दिवस बसवायला घेतला. या वेळी मी एक फट ठेवली नाही. गाण्यातून खेळात, खेळातून पंगतीत, पंगतीतून पुन्हा गाण्यात. पोरीजवळ जाऊन कोणाला गळा काढायला सवडच मिळू नये. तुमचा तास मी काढून टाकला. आणि विहीणबाई, मी तो तुमच्यावरच्या रागानं काढला नाही. आईविना उभ्या राहणाऱ्या पोरीला भर मांडवात रडताना पाहायची माझी छाती नव्हती.

परवा कोमल मुंडावळ्या पसंत करायला दुकानात आली. निशिगंधाच्या कळ्यांवरून हात फिरवत तिनं सगळा दिवस माझ्याकडून ऐकून घेतला. सगळं झाल्यावर म्हणाली, 'मावशी, आईचा घंटा कोठी आहे?'

'नाई ठेवला.'

'काऊन?'

'लोकं रडतील बेटा. तुले रडवतील.'

तिनं हातातली कळी खाली ठेवली. मग म्हणाली, 'तेरवीपर्यंत मी सगळ्याईले पानी देत होती. बाया आईच्या गोष्टी सांगत राहे. मी आली की गप होऊन जाय. पोरगी रडन म्हणून. मले कोणी काहीच सांगतलं नाई, मावशी. माझ्या आईबद्दल साऱ्या गावाले माहीत आहे, अन् मीच बाहेर.'

ती पुढे म्हणाली, 'मले आयकायचं आहे. त्या दिवशी सगळ्या असतील, मामीबी, पातूरच्याबी. मंग त्या कोठी भेटतील एका जागी? रडली तं रडली. मेकअपवाली बसूनच राहणार आहे ना?' आणि मग, खाली पाहून, 'पण दिवस तुमी बसवला. तुमी नाई म्हणसान तं नाई ठेवत. म्हणून विचारून राहिली.'

तुमच्या घरात विचारायची पद्धत आहे, हे मला परवा समजलं.

सवयीनं माझ्या तोंडून निघालं, 'अर्धा घंटा.'

'आईचं अन् तुमचं कुठवर आलं होतं?'

'अर्ध्यावरच.'

'मंग आई उद्या बोलू म्हणे, तं उद्या काय म्हणणार होती?'

ते फक्त मला ठाऊक होतं. तुम्ही अर्ध्या तासाला हो म्हणणार होतात. तुमचा आवाज थकलेला होता, तुम्ही सोडून दिलं होतं, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच मी तुमच्याशी केलेला सौदा पूर्ण जिंकला होता. याला साक्षीदार कोणी नाही.

मी म्हटलं, 'पुरा घंटा म्हणत होती. शेवटपर्यंत हटली नाई.'

कोमल हसली. अडकित्ता खाली ठेवून तुम्ही हसलात ना, तशी नाही. तिचं हसणं वेगळं आहे, बापावर गेलेलं. पण हसली.

तर जेवणं झाल्यावर एक तास ठेवला आहे. पाहुण्यांना एक घडी रिकामं ठेवू नये, हे माझं मत बदललेलं नाही. तुम्ही मला विचारायला हवं होतं, हेही बदललेलं नाही, आणि माईकवरून जे तुम्ही सांगणार होतात ते मला आता कोणी सांगणार नाही, याचा राग मी मरेपर्यंत धरणार आहे. तुमची पातूरची विहीण कुठं बसेल, गावच्या बाया कुठं, म्हाताऱ्यांसाठी सावली कुठं, सगळं पक्कं केलं आहे. सगळ्यांना बोलायला कोणी ना कोणी आहे. त्या तासात मी कुठं बसायचं, तेवढं मात्र अजून बसत नाही.